निब्बर शब्दाची पडताळणी

मराठवाड्याचा माणूस स्वभावतःच निब्बर असतो. या मातीनं आणि या उन्हानं त्याला तसं घडवलं आहे.

हे वाक्य आमच्या बोलीकोशात छापलेलं आहे. ‘निब्बर’ या शब्दाखाली, उदाहरण म्हणून. वाक्यात वाईट काही नाही. फक्त ते या जिल्ह्यात कधी कोणी बोललेलं नाही, आणि ते मी लिहिलेलं नाही. यातलं दुसरं मला जास्त लागलं, हे आधीच सांगून टाकते.

मी कोशाचं काम करते. लोकांना वाटतं, कोश करणारी माणसं जाड चष्मा लावून दिवसभर संस्कृत वाचतात. प्रत्यक्षात आमचा बराच वेळ एसटीत जातो. आमचा प्रोजेक्ट परभणी जिल्ह्याच्या बोलीचा. गावात जायचं, माणसं कशी बोलतात ते ऐकायचं, शब्द टिपायचा आणि ऑफिसात येऊन त्याची नोंद तयार करायची. नोंद म्हणजे शब्द, त्याचा अर्थ आणि त्याचा वापर. वापर म्हणजे तो शब्द कोण, कुणाला, कोणत्या वेळी म्हणतं. अर्थ कुणालाही लिहिता येतो, खरी मेहनत वापराला लागते. ‘शहाणा’चा अर्थ सगळ्यांना ठाऊक असतो. पण बायको नवऱ्याला ‘लय शहाणे तुमी’ म्हणते तेव्हा तो अर्थ कामाला येत नाही.

देशमाने सर आमचे मुख्य संपादक. निवृत्त प्राध्यापक, चांगला माणूस, पण ‘अस्मिता’ हा शब्द कानावर पडला की त्यांचा आवाज बदलतो. एका मीटिंगमध्ये त्यांनी जाहीर केलं की पहिल्या खंडाच्या सुरुवातीला एक नमुना नोंद जाईल. म्हणजे एकाच शब्दाला अख्खं पान. शब्द असा हवा की इथल्या माणसाचा सगळा स्वभाव त्यात दिसला पाहिजे. शब्द ठरला निब्बर. नोंद दोघांनी वेगवेगळी लिहायची, मी आणि अभिरामनं. ज्याची पास होईल त्याचं नाव सहसंपादक म्हणून आतल्या पहिल्या पानावर.

सहसंपादकाची जागा बरीच वर्षं रिकामी होती. मी ती रोज रिकामी बघत आले होते, त्यामुळं ती माझीच आहे असं मला वाटायला लागलं होतं.

निब्बर हा शब्द मला शिकावा लागला नाही. मी पूर्णेची. वडील रेल्वेत होते, आम्ही क्वार्टरमध्ये राहायचो. आई बाजारात भेंडी घेताना शेंडा मोडून बघायची. कट्कन मोडला तर कोवळी. नुसता वाकला तर ती भेंडी ढिगात परत जायची आणि भाजीवालीला ऐकवलं जायचं, “निब्बर हाय बाई तुजी भेंडी.” पुढं हाच शब्द माणसांना लागलेला ऐकला. रागावून रागावून घरचे थकले तरी ज्याला काही वाटत नाही ते पोरगं निब्बर. सासूचे टोमणे ऐकत शांतपणे चहा पिणारी सून निब्बर. न बोलावता पंगतीत बसून दुसऱ्यांदा भात मागणारा तर फारच निब्बर. कधीकधी त्यात थोडं कौतुकही असतं, नाही असं नाही. पण ते हात टेकल्यावरचं कौतुक. आणि हा शब्द कायम दुसऱ्याच्या वाट्याला येतो. स्वतःला निब्बर म्हणवून घेणारा माणूस तोवर मला भेटला नव्हता.

तो अभिरामला भेटला.

अभिराम पुण्याचा. पीएचडी झालेला, माझ्याहून बराच लहान, नम्र. नम्र नसता तर माझं काम सोपं झालं असतं. त्याच्याकडं एक रेकॉर्डर होता. वाऱ्याचा आवाज येऊ नये म्हणून त्याच्या माइकला राखाडी केसाळ टोपी होती. गावात पोहोचलो की आधी लोक ती टोपी बघायचे, मग अभिरामला, आणि मग कुणीतरी मला विचारायचं, “अक्का, पानी पाजता का सायबाला जरा?”

पेडगावला आम्ही पहिल्यांदा एकत्र गेलो तेव्हाच मला सगळं कळायला हवं होतं. अंगणात लाल प्लास्टिकची खुर्ची आली. ती उपरण्यानं पुसली गेली आणि अभिरामसमोर ठेवली गेली. त्याला कपबशीतून चहा आला. मला घरातल्या बाईनं मुगाच्या शेंगांनी भरलेलं सूप सोलायला दिलं. तोंड चालू होतं ना, मग हातही चालू दे, असा तिचा सरळ हिशेब. मी बारदानावर बसून शेंगा सोलत प्रश्न विचारत होते. प्रत्येक प्रश्नाला उत्तर एकच, “आता तुमाला काय सांगायचं अक्का. तुमी तर आपल्याच की.”

आमच्या धंद्यात जो माणूस शब्द सांगतो त्याला इन्फॉर्मंट म्हणतात. आपल्याच माणसाला इन्फॉर्म करावं असं इन्फॉर्मंटला वाटत नाही. जे अक्काला ठाऊकच आहे ते तिला परत कामून सांगायचं?

अभिरामला मात्र सगळे सांगत होते. त्यानं घरच्या म्हाताऱ्याला विचारलं, निब्बर म्हणजे काय. म्हातारा ताठ बसला. माइकच्या टोपीकडं बघून म्हणाला, “निब्बर म्हंजी कणखर, सायब. ऊन असू, पाऊस असू, आमी निब्बर मानसं. हटत न्हाई.”

“अच्छा,” अभिराम म्हणाला.

त्याचा ‘अच्छा’ फार चांगला होता. समोरच्याला वाटायचं की जगात हे आपणच पहिल्यांदा सांगितलं. मी घरी आरशासमोर तसा ‘अच्छा’ म्हणून पाहिला. जमला नाही. माझ्या ‘अच्छा’त ‘माहीत आहे’ असं ऐकू येतं.

‘कणखर’ हा शब्द त्या म्हाताऱ्यानं घरात याआधी कधी वापरला असेल, कोण जाणे. पाहुणा आला की पेटीतली चादर काढतात, तसा तो त्यानं काढला होता. मी हे एसटीत अभिरामला सांगणार होते. पण तो रेकॉर्डिंग ऐकत इतका खुश बसला होता की मी खिडकीबाहेर बघितलं.

महिन्याभरानं दोघांनी मीटिंगमध्ये नोंदी वाचल्या. माझी आधी. भेंडी, पोरगं, सून, पंगत. सर मधूनच हसले आणि मग हसल्याबद्दल गंभीर झाले. मग अभिरामनं वाचली. ‘निब्बर: कणखर, चिवट, प्रतिकूलतेपुढे न झुकणारा.’ आणि खाली ते मातीचं आणि उन्हाचं वाक्य. सरांनी चष्मा काढून पुसला.

मी म्हणाले, “सर, असं कुणी बोलत नाही.”

“रेकॉर्डिंग आहे,” सर म्हणाले.

“रेकॉर्डरसमोर बोलतात. एकमेकांशी बोलत नाहीत.”

“तुम्ही फार जवळून बघता. अभिराम लांबून आला, म्हणून त्याला अख्खं चित्र दिसतं.”

मला दिसत होतं ते चित्र असं होतं की आतल्या पहिल्या पानावर सहसंपादक म्हणून एक पुण्याचं आडनाव छापलंय. पण सर न्यायी होते. त्यांनी दोन्ही नोंदी पडताळणीला पाठवल्या.

पडताळणी म्हणजे छापण्याआधी नोंद तीन गावांत लोकांना वाचून दाखवायची. लोकांनी मान डोलावली तर ती पास. आक्षेप आला तर टिपून घ्यायचा आणि नोंद परत टेबलावर. याला एक पोटनियम होता. आक्षेप चारचौघांत, सगळ्या टीमसमोर घेतलेला असला पाहिजे. मागाहून कुणी कानात सांगितलेलं धरायचं नाही. हा पोटनियम मीच सुचवला होता. ऑफिसातल्या काही जणांची कानात सांगायची सवय मला पसंत नव्हती.

दसऱ्याच्या आत उरकणं भाग होतं. दसरा झाला की निम्मी घरं कुलूप लावून ऊसतोडीला जातात, मग पडताळायला माणसं उरत नाहीत.

पेडगावात अभिरामची नोंद एकदाही न अडखळता पास झाली. माझ्या पंगतीतल्या पाहुण्यावर मात्र वाद झाला. दोघं म्हणाले त्याला निब्बर म्हणतात, तिसरा म्हणाला त्याला निब्बर नाही, बेशरम म्हणतात. पूर्णेत तर माझ्या वडिलांबरोबर नोकरी केलेले काका होते. अभिरामचं ऐकून ते म्हणाले, वा. माझं ऐकून म्हणाले, तुझ्या बापाला विचारून लिहायचं होतंस.

शेवटचं गाव राणीसावरगाव. माझ्या आईचं माहेर. हे मुद्दाम मी शेवटी ठेवून घेतलं होतं. सोपानमामांकडं मेंढरं आहेत, थोडी जमीन आहे, आणि त्यांच्या अंगणात निब्बर हा शब्द दिवसातून इतक्यांदा ऐकू येतो की त्याची वेगळी पडताळणी करायची गरज नाही. इथं तरी माझी माणसं माझ्या बाजूनं बोलतील, हा माझा हिशेब होता.

सर जीपनं आले. लाल खुर्च्या दोन निघाल्या, एक सरांना आणि एक अभिरामला. मामीनं मला गालाला हात लावून जवळ घेतलं आणि सूप दिलं.

शेजारपाजारची माणसं जमली. अभिरामनं वाचायला सुरुवात केली. कीर्तनाला बसावं तसे सगळे बसले होते. ‘प्रतिकूलतेपुढे’ हा शब्द आला तेव्हा पुढच्या म्हातारीनं डोक्यावरचा पदर सारखा केला. वाचून झालं. मामांनी दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले.

“बराबर हाय,” मामा म्हणाले. “लय भारी लिवलंय, सायब.”

बाकीच्यांनी माना हलवल्या. सरांनी वहीत खूण केली.

मग मी वाचलं. पहिला अर्थ भाजीचा, कोवळेपण गेलेली. दुसरा माणसाचा, ज्याला बोललेलं लागत नाही असा. मी उदाहरणापर्यंत पोहोचलेच नाही.

“लागत न्हाई म्हंजी?” मामा म्हणाले. “लागतं की. दाखवीत न्हाई.”

“न्हाई लागत,” शेजारचे किसनदादा म्हणाले. “ह्यो सोपान घ्या. ह्याला काय लागतंय?”

सगळे हसले. मामाही हसले, पण मुद्दा सोडला नाही. मग शेळ्यांचा विषय निघाला. म्हाताऱ्या बोकडाला निब्बर म्हणतात, ते का लिहिलं नाही. त्यावर एक जण म्हणाला, बोकडाला नाही म्हणत, त्याच्या मटणाला म्हणतात. बोकड जिवंत असेपर्यंत नुसतं म्हातारं. पुढची म्हातारी म्हणाली, जमिनीलाही म्हणतात. किसनदादा म्हणाले, तुझ्या माहेरी म्हणत असतील. मामी दारातूनच म्हणाली की भेंडीचंही चुकलंय. कोवळेपण काय असं चालत जात नाही, तोडायची त्या दिवशी तोडली नाही की भेंडी निब्बर होते, ज्याच्या घरची भेंडी त्याची चूक. ती हे मामांकडं बघून म्हणाली.

सर प्रत्येक आक्षेप टिपत होते. त्यांनी वहीचं पान उलटलं. अभिराम माइक या तोंडापासून त्या तोंडाकडं फिरवत होता आणि त्याचे डोळे चमकत होते. मी शेंग सोलायची थांबले.

मग मला वाटलं, सरळ विचारावं.

“मामी, तू मामांना निब्बर म्हणतेस का नाही?”

“रोज म्हनते.”

“कशापायी?”

“हजारदा सांगितलं, मेंढरं अंगनात आनू नका. आनतेतच. निब्बर मानूस.”

“मग ते कणखर आहेत म्हणून म्हणतेस का?”

मामीनं अभिरामकडं बघितलं. तो लाल खुर्चीवर, मांडीवर कपबशी सांभाळत, उत्तराची वाट बघत होता. बशीत थोडा चहा सांडला होता. मामीनं ते बघितलं.

“त्येंनी लिवलंय तेबी बराबर हाय,” मामी म्हणाली. “शिकलेली मानसं हायत. तुजंच कायतर चुकायलंय, पोरी.”

सरांनी खूण केली.

मी मामीच्या मागोमाग स्वयंपाकघरात गेले. ती भाकरी थापत होती. मी म्हणाले, मामी, तू मामांना शिव्या घालताना तो शब्द वापरतेस आणि बाहेर सांगतेस तो कौतुकाचा आहे. तिनं भाकरी तव्यावर टाकली, वरून पाणी फिरवलं.

“पाव्हन्याला खोटं पाडायचं असतं व्हय गं?”

“मग मला पाडलंस ते?”

“तू काय पाव्हनी हायस?”

मी तिला समजावलं. हे माझ्या नोकरीचं आहे, पहिल्या पानावरच्या नावाचं आहे. बाहेर येऊन एवढंच म्हण की शब्द टोमण्याचा आहे. सर लिहून घेतील. इथं आत सांगून उपयोग नाही, नियम तसा आहे. नियम कुणी केला ते मी बोलले नाही.

मामीनं विचार केला. तिला माझं दुःख कळलं होतं, हे तिच्या तोंडावर दिसत होतं. ती म्हणाली, “त्यो अजून जेवला न्हाई, माय.”

“जेवल्यावर सांग.”

“जेवल्यावर तर कसं सांगायचं?”

तिनं माझ्या हातात शिऱ्याचं भांडं दिलं आणि बाहेर वाढायला पाठवलं. अभिरामच्या ताटात मी शिरा वाढला. मामांनी मागून खूण केली म्हणून आणखी वाढला. मी स्वतः बायकांबरोबर मागाहून जेवले तेव्हा शिरा संपला होता. मामी म्हणाली, तुझ्यासाठी परत करते, पण जीप निघायची होती.

निघताना अभिरामला आणि सरांना टॉवेल, टोपी, नारळ झालं. मला न सोललेल्या शेंगांची पिशवी मिळाली. “घरी निवांत सोल,” मामी म्हणाली.

जीपमध्ये सर पुढं बसल्याबसल्या झोपले. अभिराम माझ्या शेजारी, मांडीवर टोपी आणि नारळ घेऊन. गंगाखेड मागं पडेपर्यंत तो नारळ या हातातून त्या हातात घेत राहिला. मग हळूच म्हणाला, “ताई, एक विचारू?”

“विचारा.”

“तुमच्या एका ओळीवर ते इतके भांडले. मला कुणी एकदाही चूक म्हटलं नाही. तिन्ही गावांत नाही. माझं काहीतरी चुकतंय का?”

त्यानं हे खरं विचारलं होतं. मी एक वाक्य बोलायचं होतं. त्या एका वाक्यानं तो थांबला असता, ऑफिसात गेल्यावर त्यानं स्वतःहून नोंद मागं घेतली असती. तो तसाच मुलगा होता, त्याबद्दलही मला त्याचा राग होता. मी त्याच्याकडं बघितलं. परक्या मुलखात, मांडीवर नारळ, डोळ्यांत धूळ.

“नाही,” मी म्हणाले. “तुमचं बरोबर आहे.”

“अच्छा,” अभिराम म्हणाला.

बोलून गेल्यावर माझ्या लक्षात आलं की मामी जे बोलली तेच मी बोलले. त्याला दुखवायचं नव्हतं म्हणून, की एवढा चांगला मुलगा एवढ्या वाईट वाक्याखाली कायमचा सापडावा म्हणून, हे मला तेव्हाही नीट ठरवता आलं नाही. दोन्हीला आमच्याकडं बाहेरून एकच रूप असतं.

अभिरामची नोंद पास झाली. माझ्या नोंदीवर ‘वादग्रस्त, पुढील आवृत्तीत विचार व्हावा’ असा शेरा आला. आक्षेपांची पानं सरांनी तिला टाचणीनं जोडली होती. ती पानं नोंदीपेक्षा जाड होती आणि, खरं सांगायचं तर, नोंदीपेक्षा चांगली होती. अभिराम सहसंपादक झाला. त्यानं मला पेढे आणून दिले आणि माझ्या टेबलाजवळ बराच वेळ उभा राहिला. मी त्याला बसायला खुर्ची दिली.

या कामात मी एक गोष्ट शिकले. नोंद पास व्हावी असं वाटत असेल तर जिथं आपल्याला खुर्ची मिळते अशा गावात पडताळणी करावी. जिथं सूप मिळतं तिथं शब्द गोळा करायला जावं, मंजुरीला जाऊ नये.

कोशाचं प्रकाशन परभणीत झालं. स्टेजवर सर, अभिराम आणि बाहेरून आलेले प्रमुख पाहुणे. पाहुण्यांनी नमुना नोंद मोठ्यानं वाचली, पुस्तक हातात उंच धरलं आणि म्हणाले, होय, आम्ही निब्बर आहोत आणि निब्बरच राहू. टाळ्या थांबेनात. मीही वाजवल्या. सोपानमामा माझ्या शेजारी बसले होते, मुद्दाम गावाहून आले होते. मी त्यांना विचारलं, भाषण कसं वाटलं. मामांनी स्टेजवरच्या पाहुण्यांकडं बघितलं.

“बराबर हाय,” ते म्हणाले.

कार्यक्रमानंतर त्यांना बसला सोडायला निघाले. वाटेत भाजी घ्यायला थांबलो. भाजीवाली भेंड्यांचे शेंडे मोडून बघत दोन ढीग करत होती. कोवळ्या समोर, निब्बर तेवढ्या मागं पोत्यावर.

“ह्या कुनासाठी?” मामांनी विचारलं.

“म्हशीला,” ती म्हणाली.